हिवाळ्यातील ऊब आणि विजेचा हिशेब
(मंडळाच्या संक्रांतीच्या हळदीकुंकवाला दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



हळदीकुंकवाच्या दिवशी व्याख्यान म्हटले की एखादा भारदस्त विषय असतो आणि श्रोत्यांचे लक्ष वाणाच्या ताटाकडे असते. या वेळी कार्यवाहबाईंनी मला स्पष्ट सांगितले, "मोठे काही नको. घरात हलवता येईल असा, बिल न वाढवणारा विजेचा हीटर कोणता घ्यावा, एवढेच सांगा. सगळ्याजणी तेच विचारताहेत." मी बरीच वर्षे शाळेत विज्ञान शिकवले, म्हणून हे काम माझ्याकडे आले असावे. विषय मला मनापासून आवडला. घरखर्चाचा प्रश्न आहे, आणि नीट पाहिले तर जिवाचाही आहे.

आपल्यापैकी पुष्कळजणी पुणे, सातारा, कोकण, नागपूर अशा ठिकाणांहून लग्न होऊन किंवा नोकरीच्या निमित्ताने दिल्लीला आल्या. महाराष्ट्रात थंडी नाही असे नाही. निफाडला पारा चार-पाच अंशांपर्यंत उतरतो आणि द्राक्षबागा वाचवायला शेतकरी शेकोट्या पेटवतात. पण तिथे दुपारी ऊन येते आणि थंडी पळते. दिल्लीचे तसे नाही. ३० डिसेंबर २०१९ ला सफदरजंगच्या वेधशाळेत दिवसाचे कमाल तापमान ९.४ अंश होते. किमान नव्हे हो, कमाल! भर दुपारचे. आणि १ जानेवारी २०२१ च्या पहाटे तिथेच पारा १.१ अंशावर उतरला होता. धुके पडले की सूर्य चार-चार दिवस तोंड दाखवत नाही.

त्यात आपली घरे. ती बांधली आहेत मे-जूनसाठी. उंच छत, खाली संगमरवर नाहीतर चिप्सची फरशी, खिडक्यांच्या फटी, दारांखाली बोटभर जागा. उन्हाळ्यात या सगळ्याला आपण दुवा देतो. जानेवारीत त्याच भिंती बर्फाच्या लादीसारख्या होतात. पुण्याहून आलेले पाहुणे म्हणतात, "अहो, तुमच्या घरापेक्षा रस्त्यावर बरे!" ते खोटे नसते. दुपारी अकरानंतर बाहेर खरोखरच घरातल्यापेक्षा उबदार असते. ज्यांचे घर वरच्या मजल्यावर आहे त्यांना आणखी एक त्रास. रात्रभर उघड्या आकाशाखाली असलेल्या गच्चीतून त्यांची ऊब वर निघून जाते.

आता दुकानात जाऊ. भगीरथ पॅलेसमध्ये जा नाहीतर लाजपतनगरला, पहिला प्रश्न आपण कोणता विचारतो? "भैया, बिजली कम खानेवाला कौनसा है?" आणि दुकानदारही हसतमुखाने एक खोके पुढे करतो. भगिनींनो, या प्रश्नाला खरे उत्तर असे आहे की तारेतून किंवा कांडीतून वीज नेऊन तापणारा जो जो हीटर आहे, मग तो आठशे रुपयांचा असो वा बारा हजारांचा, तो एका युनिटमागे सारखीच उष्णता देतो. कमी नाही, जास्त नाही. किलोभर कणकेच्या पोळ्या तव्यावर करा की तंदुरात, कणीक किलोभरच लागणार. हीटरमध्ये आत गेलेली सगळी वीज शेवटी उष्णताच होते. त्याच्या लाल उजेडाची होते, पंख्याच्या वाऱ्याचीही होते. वाया जायला दुसरी वाटच नाही.

युनिट म्हणजे काय तेही सांगून टाकते, कारण बिल वाचताना ते उपयोगी पडेल. हजार वॅटचे यंत्र एक तास चालले की एक युनिट. दोन हजार वॅटचे अर्ध्या तासातच एक युनिट संपवते. चारशे वॅटच्या कांडीला अडीच तास लागतात. बस्, एवढेच गणित आहे. वॅट गुणिले तास, भागिले हजार. मोबाइलवर हल्ली जाहिरात येते, भिंतीच्या प्लगमध्ये खोचायचा मुठीएवढा हीटर, "चारशे वॅटमध्ये सारी खोली गरम". चारशे वॅट म्हणजे चारशे वॅटचीच ऊब. ती संगमरवराच्या फरशीवर आणि दहा फूट उंच छताखाली किती पुरणार, ते आपणच ठरवावे.

मग सगळे हीटर सारखेच असतील तर व्याख्यान कशाला, असे तुम्ही म्हणाल. फरक आहे तो उष्णता जाते कुठे, यात. काही हीटर माणसाला तापवतात, काही हवेला तापवतात, काही सावकाश साऱ्या खोलीला. काटकसर या निवडीत आहे. म्हणून दुकानात जाण्याआधी घरात बसून एकच प्रश्न स्वतःला विचारावा : मला माणूस उबवायचा आहे की खोली?

खोली उबवणे किती खर्चाचे असते ते पाहा. दहा बाय बारा फुटांची, दहा फूट उंचीची खोली घ्या. तिच्यातली नुसती हवा दहा अंशांनी तापवायला फार थोडी वीज लागते. एका युनिटचा साधारण नववा भाग पुरतो. दोन हजार वॅटचा ब्लोअर हिशेबाने चार मिनिटांच्या आत ते काम करील. तुम्हीही अनुभवले असेल, ब्लोअर लावला की पाच मिनिटांत बरे वाटते. बंद केला की दहा मिनिटांत पुन्हा तोच गारठा. असे का? कारण भिंती, फरशी, छत, कपाट, पलंग हे सारे थंडच राहिलेले असते, ते त्या बिचाऱ्या हवेची ऊब पिऊन टाकते. आणि जी उरते ती फटींतून बाहेर जाते. रात्रभर हीटर चालतो तो हवेसाठी नव्हे, भिंतींसाठी आणि फटींसाठी. आपण बिल भरतो ते गल्ली तापवण्याचे.

तेव्हा हीटरच्या आधीची खरेदी सांगते. दाराखालच्या फटीला जुन्या टॉवेलची गुंडाळी किंवा चिंध्या भरलेली लांब पिशवी. आपल्या आजीच्या हातची गोधडी कापाटात पडून असेल तर ती खिडकीवर रात्री पडद्यामागे टांगावी. फरशीवर सतरंजी, तिच्यावर जाजम. दक्षिणेच्या खिडकीचे पडदे अकरा ते तीन पूर्ण उघडावेत. हिवाळ्यात सूर्य दक्षिणेला खाली उतरलेला असतो, तो थेट आत येतो. निरभ्र दुपारी मीटरभर काचेतून हीटरच्या एका कांडीएवढी ऊब फुकट मिळते. चार वाजले की लगेच पडदे ओढून घ्यावेत, नाहीतर मिळालेले परत जाते. या सगळ्यात फार तर दोनशे-तीनशे रुपये जातील, आणि पुढे घ्याल त्या हीटरचे तास कमी होतील.

आता प्रकार. मी चारच सांगणार आहे. दुकानात नावे पुष्कळ असतात, पण जाती एवढ्याच.

पहिला कांड्यांचा. काचेच्या नळीत तार, मागे चकचकीत पत्रा. क्वार्ट्झ, हॅलोजन, कार्बन अशी त्याची नावे. यातला साधा दोन कांड्यांचा, चारशे अधिक चारशे वॅटचा, मला घरगुती काटकसरीचा राजा वाटतो. तो हवा तापवीत बसत नाही. उन्हासारखे त्याचे किरण समोरच्या माणसावर पडतात. खोली चौदा अंश असली तरी तुमच्या गुडघ्यांना, हातांना ऊब लागते. विणकाम करणाऱ्या, पोथी वाचणाऱ्या, दूरदर्शनसमोर बसणाऱ्या, बोर्डाच्या परीक्षेसाठी रात्री जागणाऱ्या मुलाला हाच उत्तम. किंमत हजाराच्या आसपास. एक कांडी चार तास जळली तर १.६ युनिट. युनिटला मी सोयीसाठी आठ रुपये धरते. तुम्ही आपापले बिल बघा, वापराचा टप्पा ओलांडला की दरही चढतो. आठ रुपयांनी हे होतात १२ रुपये ८० पैसे. हॅलोजनचा प्रकाश डोळ्यांवर येतो, तो झोपण्याच्या खोलीत नको. आणि या जातीचा मोठा दोष असा की कांडी लालभडक तापते. पदर, ओढणी, रजईचे टोक, रांगते मूल, यांचा विचार केल्याशिवाय हा घेऊ नये.

दुसरा ब्लोअर. आत तार, मागे पंखा. किंमत दीड-दोन हजार, वॅट हजार किंवा दोन हजार. हा धावपळीचा गडी. सकाळी लहान मुलाला आंघोळीनंतर कपडे चढवायचे आहेत, सासूबाईंना वेणीफणी करायची आहे, वीस मिनिटे खोली उबदार हवी, तिथे हा. वीस मिनिटांना साधारण पाच रुपये पडतात. पण हाच रात्रभर लावून झोपाल तर आठ तासांचे सोळा युनिट, १२८ रुपये, आणि पंख्याची घरघर वेगळी. न्हाणीघरात तर तो कधीही नेऊ नये. ओला हात, ओली फरशी आणि वीज एकत्र आली तर देवच वाचवो. दाराबाहेर ठेवून आधी हवा तापवून घ्यावी आणि आंघोळीपूर्वी बटण बंद करून प्लग काढून टाकावा.

तिसरा तेलाचा. दिसायला पांढऱ्या पाखांच्या पेटीसारखा, चाकांवर फिरणारा. नऊ, अकरा, तेरा पाखांचा मिळतो. पुष्कळजणी विचारतात, "तेल किती महिन्यांनी घालायचे?" कधीच नाही. ते आत कायमचे बंद असते, जळत नाही. फक्त उष्णता धरून ठेवते. हा तापायला अर्धा तास घेतो, पण एकदा तापला की मऊ, सारखी ऊब देतो. आवाज नाही, उजेड नाही. रात्रीसाठी, आजारी माणसासाठी, तान्ह्या मुलाच्या खोलीसाठी हा चांगला. किंमत आठ हजारांपासून पुढे. "तेलाचा हीटर वीज वाचवतो" असे म्हणतात, त्यात अर्धेच तथ्य आहे. बंद केल्यावर तो जी ऊब देत राहतो तिचे पैसे आपण आधीच भरलेले असतात. वाचवतो तो त्याचा थर्मोस्टॅट. खोली ठरावीक उबेला आली की तो वीज तोडतो, गार झाली की जोडतो. दोन हजार वॅटचा हीटर असा निम्मा वेळच चालला तर आठ तासांच्या रात्रीला आठ युनिट, म्हणजे ६४ रुपये. दोन महिन्यांचे ३,८४० रुपये. फटी बुजवलेल्या असतील तर याहून कमी. न बुजवता दार उघडे टाकाल तर थर्मोस्टॅटला वीज तोडायची संधीच मिळणार नाही. पाखांची संख्या पाहून भुलू नये. पाखे जास्त म्हणजे पृष्ठभाग जास्त. वीज किती लागणार ते वॅटचा आकडा सांगतो. त्याच्यावर ओले लंगोट वाळत घालायचा मोह सगळ्यांना होतो. तो आवरावा. हीटरवर कपडा झाकला की उष्णता आत कोंडते.

चौथा हीटरच नाही, पण काटकसरीत तो साऱ्यांच्या पुढे आहे. विजेचे अंथरूण. शंभर वॅटच्या आसपास लागतात. निजण्यापूर्वी दोन तास लावून ठेवले तर दीड रुपया. खोली नाही, हवा नाही, फक्त जिथे माणूस निजणार तेवढीच जागा तापते. अंथरुणात शिरताना जो काटा येतो तो गेला की पुढची रात्र रजई सांभाळते. मात्र ते घडी घालून, चुरगाळून वापरू नये. अंथरूण ओले करणाऱ्या मुलाला किंवा ज्यांना स्वतः बटण बंद करता येत नाही अशा वृद्धांना ते देऊ नये.

एक अपवाद सांगायला हवा, नाहीतर कुणाचे यजमान घरी गेल्यावर माझी चूक काढतील. गरम आणि थंड दोन्ही करणारा एसी हा वरच्या नियमात बसत नाही. तो उष्णता तयार करीत नाही, बाहेरच्या हवेतली उचलून आत आणतो. म्हणून एका युनिटमध्ये तो तीन युनिटांच्या आसपास ऊब देऊ शकतो. कडाक्याच्या थंडीत थोडी कमी. तो काही या खोलीतून त्या खोलीत नेता येत नाही आणि केवळ हिवाळ्यासाठी घेणे परवडणार नाही. पण उन्हाळ्यासाठी एसी घ्यायचाच असेल तर थोडे जास्त पैसे घालून असा घ्यावा. सगळे कुटुंब एका खोलीत झोपत असेल तर रात्रीचा स्वस्त उपाय तोच.

म्हणजे एकच हीटर घ्यायचा झाला तर कोणता? घरात पाच-सहा माणसे धडधाकट असतील तर दोन कांड्यांचा आणि फटींना गुंडाळ्या. घरात ऐंशीच्या पुढचे कोणी असेल किंवा तान्हे मूल असेल तर थर्मोस्टॅटचा तेलाचा. तो महाग आहे याची मला जाणीव आहे. तरी हे मी जोर देऊन सांगते.

कारण आता जे बोलायचे आहे ते पैशाचे नाही. आपल्या घरांत हीटर कुणाच्या खोलीत असतो? पाहुणे आले की बैठकीत. परीक्षा आली की मुलाच्या टेबलाशी. आणि आजी? आजी म्हणतात, "मला कशाला? मी घेते दोन शाली." ही पिढी वीज जपून वापरायला शिकलेली आहे. त्यांच्या समोर मीटर फिरत असतो आणि त्या मनात आकडे मोजत असतात. सुनेने हीटर लावून दिला तरी ती स्वयंपाकघरात गेली की हळूच बटण बंद करतात. थंडीने त्वचेतल्या रक्तवाहिन्या आकसतात, रक्तदाब चढतो. म्हाताऱ्या शरीराला गारठा उशिरा कळतो आणि सोसवतो कमी. जागतिक आरोग्य संघटनेने २०१८ साली घरातले किमान तापमान १८ अंश असावे असे सांगितले, वृद्ध आणि लहान मुले असलेल्या घरांत त्याहूनही थोडे जास्त. आपल्या घरांत जानेवारीत किती असते? शंभर-दीडशे रुपयांचे भिंतीवर लावायचे तापमापक आणा आणि आजींच्या पलंगाजवळ टांगा. हीटरवरच्या खटक्यावर जे एक ते सहा आकडे असतात ते अंश नव्हेत. तापमापकावर १८ दिसेल तिथे खटका ठेवावा. २४-२५ पर्यंत चढवायचे कारण नाही. प्रत्येक वाढत्या अंशाला वीज जास्त लागते आणि घसाही कोरडा पडतो.

घसा कोरडा पडतो यावरून आठवले. "हीटर हवेतला प्राणवायू खातो, म्हणून जीव घाबरतो" असे पुष्कळजणी म्हणतात. विजेचा हीटर काहीही जाळत नाही, त्यामुळे प्राणवायू खात नाही. तो हवेतले पाणीही काढून घेत नाही. हवा तापली की तिची पाणी धरण्याची ताकद वाढते, म्हणून ती आपल्या ओठांतून आणि घशातून ओल ओढते. इतकेच. तापमान बेताचे ठेवावे. अनेक माणसे एका खोलीत झोपली तर ताज्या हवेसाठी एखादी फट मोकळी असावी, ती माणसांसाठी.

प्राणवायू खाते, आणि त्याहून वाईट काही देते, ती अंगीठी. वीज वाचवावी म्हणून, किंवा वीज गेली म्हणून, कोळशाची अंगीठी पेटवून दारे लावून झोपतात आणि सकाळी दार फोडावे लागते. अशी बातमी उत्तर हिंदुस्थानात दर हिवाळ्यात येते. निखाऱ्यातून निघणाऱ्या कार्बन मोनॉक्साइडला रंग नाही, वास नाही. धूर दिसत नाही म्हणून माणूस निर्धास्त होतो. डोके जड होते, झोप येते, आणि ती झोप उतरत नाही. गॅसच्या हीटरलाही, गॅसची शेगडी पेटती ठेवून खोली तापवण्यालाही हाच धोका. आपल्या घरी कामाला येणाऱ्या बाईच्या खोलीत काय आहे ते एकदा विचारा. एका कांडीच्या हीटरला रात्रीचे चार तास तेरा रुपयांहून कमी पडतात हे तिला सांगा. जुना हीटर नीट चालत असेल तर भंगारात टाकण्याऐवजी मिस्त्रीकडून वायर तपासून तिला द्या.

आता वायरीचे बोलते. हे कंटाळवाणे आहे, पण ऐकून घ्या. घरात दोन प्रकारची सॉकेटे असतात. लहान भोकांचे सहा अँपिअरचे आणि मोठ्या भोकांचे सोळा अँपिअरचे. सहा अँपिअरच्या सॉकेटची मर्यादा साधारण १,३८० वॅटची. दोन हजार वॅटच्या हीटरला ८.७ अँपिअर लागतात. त्याला मोठा प्लग असतो, तो लहान सॉकेटात बसावा म्हणून बाजारात जोडप्लग मिळतो. तो आणू नये. दुकानदाराने फुकट दिला तरी नको. टेबलाखालच्या पांढऱ्या एक्स्टेन्शन बोर्डावर तर हीटर लावूच नये. त्याच्या वायरी मोबाइलसाठी असतात. हीटर अर्धा तास चालल्यावर प्लगला हात लावून पाहावा. कोमट असेल तर ठीक. चटका बसला किंवा जळका वास आला तर हीटर नव्हे, सॉकेट बिघडले आहे. मिस्त्रीला बोलवावे. जुन्या घरात अर्थिंग आहे का आणि गळती होताच वीज तोडणारी ईएलसीबी बसवली आहे का, तेही त्याच फेरीत पाहून घ्यावे.

बिलावर "मंजूर भार" म्हणून एक आकडा असतो, तो कुणी वाचत नाही. समजा तो तीन किलोवॅट आहे. सकाळी सात वाजता गीझर दोन हजार, हीटर दोन हजार, वर इस्त्री. एमसीबी पडली तर नवल काय? आणि असे वारंवार झाले की मीटरमध्ये नोंदलेल्या जास्तीच्या मागणीवरून भार वाढवला जातो आणि मग दरमहाचा स्थिर आकारही वाढतो. उन्हाळ्यातही तो भरायचा. गीझर आधी चालवून बंद करावा, मग हीटर. एवढी शिस्त पाळली तर काम भागते. इन्व्हर्टरच्या बॅटरीवर हीटर लावणे म्हणजे लोट्याच्या पाण्याने शेत भिजवणे.

विकत घेताना आयएसआय चिन्ह बघा, आणि चिन्हाखाली सीएम/एल असे लिहून परवान्याचा क्रमांक दिलेला असतो तोही बघा. नुसते चिन्ह कुणीही छापतो. भारतीय मानक ब्यूरोचे बीआयएस केअर नावाचे अॅप आहे, त्यात तो क्रमांक घातला की खरे-खोटे कळते. दुकानात उभ्या उभ्या हे करता येते, आणि नातवंडांना हे काम फार आवडते. हीटर कलंडला तर आपोआप बंद होतो का, ते विक्रेत्याला करून दाखवायला सांगावे. कांड्यांपुढची जाळी इतकी दाट हवी की लहान मुलाचे बोट आत जाऊ नये. वायर पुरेशी लांब हवी, म्हणजे एक्स्टेन्शनचा मोह होणार नाही.

घरी ठेवताना पडद्यापासून, पलंगापासून हातभर नव्हे, मीटरभर दूर. माणसापासूनही तितकेच. पायांना चिकटून रोज हीटर घेणाऱ्यांच्या नडग्यांवर तपकिरी जाळीसारखे डाग पडतात. ते भाजल्याचेच डाग आहेत, हळूहळू भाजल्याचे. ज्यांना मधुमेहामुळे पावलांना बधिरता आली आहे त्यांनी हीटर आणि गरम पाण्याची पिशवी दोन्ही फार जपून. त्यांना चटका कळतच नाही, फोड आल्यावर कळते. अशांसाठी लोकरीचे मोजे हेच उत्तम यंत्र, आणि त्याला युनिट लागत नाही.

शेवटी आपल्या फाटकाशी बसणाऱ्या चौकीदाराचे. रात्री तो पालापाचोळा, पुठ्ठे, कधी टायरचा तुकडाही जाळून शेकतो. त्याचा धूर त्याच्याच छातीत जातो आणि आपल्याही. दिल्लीची हवा बिघडली की सरकारी आयोगाच्या प्रदूषण-नियंत्रण योजनेत जे आदेश निघतात त्यांत हेही असते, की वसाहतींनी चौकीदारांना विजेचे हीटर द्यावेत, म्हणजे ते उघड्यावर जाळणार नाहीत. पुष्कळ वसाहतींत ही सूचना फलकावर लागते आणि फलकावरच राहते. हिशेब करून पाहू. दोन कांड्यांचा हीटर हजार रुपयांचा. रात्री आठ तास एक कांडी चालली तर ३.२ युनिट, २५ रुपये ६० पैसे. वसाहतीत चाळीस घरे धरली तर घरामागे रात्रीला ६४ पैसे, दोन महिन्यांचे ३८ रुपये ४० पैसे. हीटरची किंमत वाटून घेतली तर आणखी २५ रुपये एकदाच. त्याच्या केबिनमध्ये सोळा अँपिअरचे सॉकेट नसले तरी चालेल, आठशे वॅटला लहान पुरते. फक्त वायर पावसात भिजणार नाही एवढे पाहायला हवे, आणि केबिनचे दार नीट लागते का तेही. आज इथे निरनिराळ्या वसाहतींतल्या भगिनी आहेत. वाण लुटून झाले की कार्यवाहबाईंच्या वहीत आपापल्या वसाहतीचे नाव लिहून जा. तपासणीला येणारा मिस्त्री ठरवला तर सगळ्यांचे काम एकाच आठवड्यात उरकेल.